शेवटच्या इनिंगचा माणूस

मी क्रिकेटच्या घरातली. न्यू जर्सीत नर्स म्हणून लागले तेव्हा बेसबॉल पाहिला तो रुग्णालयाच्या कँटीनमधल्या टीव्हीवर. रात्रपाळीत जेवायला दहाच्या सुमारास वेळ मिळायचा, त्यामुळे माझ्या वाट्याला सामन्याचा शेवट तेवढा यायचा. न्यूयॉर्कचा यांकीज संघ जिंकत असला, की त्या शेवटी बहुधा एकच सडपातळ, शांत माणूस चेंडू टाकायला उभा दिसायचा. तो मारियानो रिव्हेरा. आधीच्या पिचरचा हात थकला किंवा त्याला मार पडू लागला, की त्याच्या जागी येणारे ते रिलीफ पिचर, आणि त्यांच्यातला अगदी शेवटी येऊन सामना मिटवणारा तो क्लोजर, हे मला पुढे कळलं. त्याच्यामागून मी या खेळात शिरले. इतक्या वर्षांत जे उमगलं, ते लिहून ठेवते आहे.

१. हे काम करायचं स्वप्न घेऊन सहसा कुणी येत नाही. लहानपणी सगळ्यांनाच पहिला चेंडू टाकणारा, म्हणजे स्टार्टर, व्हायचं असतं. रिलीफला येणारे बहुतेक जण ‘स्टार्टर म्हणून जमत नाही’ असा शिक्का बसून आलेले असतात. रिव्हेराही त्यातलाच. पनामातल्या पुएर्तो काइमितो या कोळ्यांच्या गावातला मुलगा, बापाच्या मासेमारीच्या बोटीवर राबलेला, दुधाच्या खोक्याच्या पुठ्ठ्याचा ग्लव्ह करून खेळलेला. 1990 मध्ये यांकीजनं त्याला अगदी किरकोळ रकमेत घेतलं. 1992 मध्ये कोपराची शस्त्रक्रिया झाली. त्याच वर्षी दोन नव्या संघांना इतरांचे खेळाडू निवडून घ्यायची मुभा होती, रिव्हेरा उपलब्ध होता, आणि दोघांनीही त्याला घेतलं नाही. 23 मे 1995 ला तो पहिल्यांदा मोठ्या लीगमध्ये उतरला, स्टार्टर म्हणून, आणि चौथ्या इनिंगमध्येच बाहेर आला. पुढच्या वर्षी त्याला क्लोजर जॉन वेटलँडच्या आधीच्या इनिंग दिल्या. म्हणजे शेवट करणाऱ्याच्याही आधीचं, कुणाच्या लक्षात न राहणारं काम. ते त्यानं असं केलं, की वेटलँड संघ सोडून गेल्यावर 1997 मध्ये शेवटची इनिंग त्याच्याकडेच आली.

२. वाट बघणं हेच या कामातलं मोठं काम. बुलपेन म्हणजे मैदानाच्या कडेला, बहुतेक ठिकाणी कुंपणापलीकडे असलेली जागा. तिथे पिचर बसलेले असतात आणि एक फोन असतो. फोन वाजला की उठायचं, हात गरम करायचा, चेंडू टाकायचे. तेवढ्यात मैदानातल्या पिचरनं स्वतःच डाव सावरला, तर पुन्हा बसायचं. हे चेंडू कुठल्याही धावफलकात येत नाहीत, पण खांद्याला ते मोजावेच लागतात. एखाद्या रात्री दोनदा उठून, दोनदा बसून, माणूस सामन्यात एकही चेंडू न टाकता घरी जातो. उद्या पुन्हा तेच, आणि असा हंगाम 162 सामन्यांचा. मी मैदानात गेले की अजूनही आधी तिकडे बघते, कोण उठलंय, कोण बसलंय. सामना कुठे चाललाय हे तिथे लवकर कळतं.

३. एकच चेंडू पुरतो, यावर माझा विश्वास बसायला फार वेळ लागला. क्रिकेटनं शिकवलं होतं की गोलंदाजाच्या भात्यात बाण हवेत. रिव्हेराकडे मुख्यत्वे एक होता, कटर. 1997 च्या उन्हाळ्यात संघातल्या रामिरो मेंडोसाबरोबर सहज झेलाझेली करताना त्याचा चेंडू आपोआप शेवटच्या क्षणी बाजूला सरकू लागला. तो आणि त्याचे कोच ही ‘खोड’ घालवायच्या मागे लागले. जात नाही म्हटल्यावर तिच्यावरच विसंबायचं ठरलं. ही देवाची देणगी आहे असं तो मानतो, आणि मला त्याच्या त्या श्रद्धेबद्दल आदर आहे. डावखुऱ्या बॅटरच्या मुठीकडे तो चेंडू घुसायचा आणि बॅट तुटायची. काय येणार हे बॅटरला माहीत असायचं, कँटीनमधल्या आम्हालासुद्धा माहीत असायचं. 2013 मध्ये तो निवृत्त होताना मिनेसोटाच्या संघानं त्याला तुटलेल्या बॅटींची झुलती खुर्ची करून भेट दिली!

४. दुसऱ्यानं अर्धवट सोडलेलं आपण हातात घेतो, तेव्हा हिशेब कधीच सरळ नसतो. आधीच्या पिचरनं दोन माणसं बेसवर ठेवली, रिलीफवाला आला, त्याला फटका बसला आणि ती दोघं घरी आली, तर त्या धावा लागतात आधीच्याच्या नावावर. नवा माणूस कागदावर स्वच्छ राहतो. आमच्या वॉर्डात पाळी बदलताना आम्ही रुग्णांची सगळी हकिगत सांगून निघतो, तरी मध्यरात्री एखाद्याची तब्येत बिघडली तर ती दिवसपाळीची की रात्रपाळीची, हे कुठल्या कागदावरून ठरणार? बेसबॉलनं निदान नियम तरी केला आहे. ‘सेव्ह’ हा आकडाही तसाच. शिकागोच्या जेरोम होल्ट्झमन या पत्रकारानं तो सुचवला आणि 1969 पासून तो अधिकृत झाला. आघाडी तीन किंवा कमी धावांची, शेवटची पूर्ण इनिंग आणि विजय, एवढं जमलं की सेव्ह मिळतो. मला हा आकडा फारसा आवडत नाही. सामना खरा अडतो तो पुष्कळदा सातव्या इनिंगमध्ये, बेस भरलेले असताना, आणि संघातला सगळ्यात चांगला पिचर मात्र शेवटच्या, नवव्या इनिंगसाठी राखून ठेवलेला. आकडा मोजायला आला आणि माणसांना कामाला लावू लागला.

५. हरण्याबद्दल मला सगळ्यात जास्त या माणसांकडून समजलं. स्टार्टरला सावरायला इनिंग उरतात, क्लोजरनंतर कुणी नसतं. तो चुकला की तीच त्या रात्रीची शेवटची गोष्ट.

4 नोव्हेंबर 2001, वर्ल्ड सिरीज या अंतिम मालिकेचा सातवा, निर्णायक सामना, ॲरिझोना. न्यूयॉर्कमध्ये मनोरे पडून दोन महिनेही झाले नव्हते. नदीच्या अलीकडे राहणाऱ्या आम्हालाही त्या संघाकडून जरा जास्तच हवं होतं. यांकीज 2-1 पुढे. आठव्या इनिंगमध्ये रिव्हेरानं तिघांना स्ट्राइकआउट केलं. नवव्यात एक हिट, मग बंटवर, म्हणजे बॅटनं हलकेच अडवलेल्या चेंडूवर, त्याचाच दुसऱ्या बेसकडे चुकलेला थ्रो, मग बरोबरीचा फटका. शेवटी ॲरिझोनाच्या लुइस गोन्झालेसनं मुठीवर आलेला कटर कसाबसा उचलला, आणि तो यांकीजच्या डेरेक जीटरच्या डोक्यावरून जेमतेम गवतावर पडला. चेंडू चांगला होता, हे मी आजही म्हणेन.

पुढचं मला नंतर कळलं. यांकीज जिंकले असते तर विजयाची मिरवणूक झाली असती, आणि संघातला एन्रिके विल्सन तिच्यासाठी थांबून 12 नोव्हेंबरच्या विमानानं डोमिनिकन रिपब्लिकला जाणार होता. हरल्यामुळे तो आधीच निघाला. ते 12 नोव्हेंबरचं विमान न्यूयॉर्कच्या क्वीन्स भागात कोसळलं, आतले 260 जण गेले. आपण हरलो ते बरंच झालं, माझा मित्र राहिला, असं रिव्हेरा म्हणाला. मी रोज मृत्यूच्या आसपास काम करते, त्यामुळे ‘सगळं चांगल्यासाठीच होतं’ हे वाक्य मला कधी पटलं नाही. विमानातल्या इतरांच्या घरी ते कोण म्हणेल? पण त्यानं सिद्धांत मांडला नव्हता. त्यानं आपला पराभव एका जिवंत माणसाशेजारी ठेवून पाहिला होता, एवढंच.

2004 मध्ये बॉस्टनविरुद्धच्या बाद फेरीच्या मालिकेत पुन्हा सामना रिव्हेराच्या हातातून गेला, आणि तीन सामने मागे पडलेला बॉस्टन ती मालिका जिंकला. पुढच्या एप्रिलमध्ये बॉस्टनच्या पहिल्या घरच्या सामन्यात रिव्हेराचं नाव पुकारलं गेलं, तेव्हा तिथल्या प्रेक्षकांनी खिजवण्यासाठी त्याचा जयजयकार केला. तो हसला आणि त्यानं त्यांना अभिवादन केलं.

६. शरीर कुठे दगा देईल सांगता येत नाही. एवढे कटर टाकून खांदा टिकला, आणि 3 मे 2012 ला कॅन्सस सिटीत सरावाच्या वेळी उंच झेल पकडायला धावताना गुडघ्याचा लिगामेंट फाटला. असं धावणं त्याच्या आवडीचं. त्याला मनातून सेंटरफिल्डर, म्हणजे मागे धावत उंच झेल पकडणारा, व्हायचं होतं. बेचाळिशीतला माणूस एक वर्ष घालवून परत आला आणि 652 सेव्ह करून थांबला. एवढे आजवर कुणाचेच नाहीत.

७. एकाच कामाचं मोल दोन माणसांना सारखं मिळत नाही. 2019 मध्ये बेसबॉलच्या हॉल ऑफ फेमसाठी रिव्हेराला 425 पैकी 425 मतं पडली. एकमतानं निवडला गेलेला तो पहिलाच. मला मात्र बिली वॅगनर या दुसऱ्या क्लोजरची गोष्ट जास्त लागते. मूळचा उजव्या हाताचा, लहानपणी तो हात दोनदा मोडला म्हणून डाव्यानं फेकायला शिकलेला, आणि त्या डाव्या हातानं भल्याभल्यांना दिसणार नाही असा वेग काढलेला. 422 सेव्ह. पहिल्या वर्षी, 2016 मध्ये, त्याला साडेदहा टक्के मतं मिळाली आणि हवी होती पंचाहत्तर. जास्तीत जास्त दहा वर्षं नाव मतपत्रिकेवर राहतं. तो दहाव्या, शेवटच्या वर्षी, 2025 मध्ये निवडून आला. मुख्य आक्षेप हा होता, की कारकीर्दभरात इनिंग फक्त 903. हा आक्षेप मला अजून पटलेला नाही. एका वेळी एकच इनिंग टाक, असं त्याच्या संघांनीच त्याला सांगितलं होतं, आणि त्यानं ते सोळा हंगाम केलं.