चित्रफीत लहान करताना काय राहते, काय जाते?

स्नेहसंमेलनाचे चित्रण एकाने लहान करून मित्राला दिले, मित्राने आणखी लहान करून तिसऱ्याला दिले. तिसऱ्याकडे पोहोचेपर्यंत चेहरे पुसट झाले. असे का होते? मोबाइलमधील चित्रण म्हणजे निव्वळ अंक, आणि अंकांची नक्कल तर जशीच्या तशी निघते!

प्रथम थोडे गणित करू. एका चित्रात १,९२० × १,०८० म्हणजे २०,७३,६०० बिंदू असतात. प्रत्येक बिंदूच्या लाल, हिरव्या व निळ्या रंगासाठी एकेक बाइट धरला आणि सेकंदाला ३० चित्रे घेतली, तर एका मिनिटाला सुमारे १,१२० कोटी बाइट लागतील. प्रत्यक्षात मोबाइलमधील अशी फाइल बहुधा १०–१५ कोटी बाइटची असते. म्हणजे चित्रण होतानाच तिचा संक्षेप झालेला असतो.

संक्षेप दोन प्रकारचा असतो. सलग २०० बिंदू पांढरे असतील, तर ‘पांढरा’ असे २०० वेळा न लिहिता ‘पांढरा, २००’ एवढेच लिहावे. यात काहीच हरवत नाही. पण खऱ्या दृश्यात शेजारचे बिंदू किंचित वेगळे असतात. त्यामुळे अशा निर्दोष रीतींनी आकार सामान्यतः निम्म्यावर किंवा तिसऱ्या हिश्शावर येतो, फारसा खाली जात नाही.

दुसऱ्या प्रकारात लागोपाठच्या चित्रांतील फक्त बदल नोंदवतात. शिवाय चित्राचे लहान चौकोन पाडून, त्यांतील सावकाश बदलणाऱ्या आणि झपाट्याने बदलणाऱ्या छटा वेगळ्या करतात. यासाठीची गणिती रीत, डिस्क्रीट कोसाइन ट्रान्सफॉर्म, नासिर अहमद, टी. नटराजन व के. आर. राव यांनी १९७४ साली प्रसिद्ध केली. झपाट्याने बदलणाऱ्या छटांतील चूक डोळ्याला सहसा जाणवत नाही. म्हणून ते अंक ढोबळ केले जातात. नुकसान होते ते येथेच.

समजा, मूळ अंक ४४ आहे. तो १० च्या जवळच्या पटीत लिहिला, तर ४० होतो. आता हा ४० दुसऱ्या कोणी १२ च्या जवळच्या पटीत लिहिला, तर ३६ होतो. चूक ८ ची. मूळ ४४ वरूनच १२ ची जवळची पट घेतली असती, तर ४८ मिळाले असते. चूक फक्त ४ ची. नकलेची नक्कल का बिघडते, हे यावरून कळेल. आणि ३६ वरून ४४ परत मिळवण्याचा मार्ग नाही. लहान केलेली फाइल पुन्हा मोठी केली, तरी गेलेले तपशील येत नाहीत.

मात्र फाइलचा प्रकार बदलला की गुणवत्ता घटतेच, असे नाही. एमपी४ किंवा एमकेव्ही हे नुसते डबे आहेत. डबा बदलला, तरी आतले लाडू तेच राहू शकतात. नव्या डब्यात तो संकेत चालत असेल, तर पुन्हा संक्षेप न करता काही क्षणांत हे काम होते. म्हणून मूळ फाइल जपून ठेवावी, आणि प्रत्येक लहान प्रत मूळ फाइलवरूनच काढावी.

करून पाहा : मोबाइलमधील एखादी चित्रफीत झिप करा. आकार जवळजवळ तेवढाच राहील. असे का, याचे उत्तर वर आलेलेच आहे, शोधून काढा.