न्याय उशिरा आला तर?

आजचे वाचन : स्तोत्र ३७:१-७

सहाव्या वचनात दावीद सांगतो की, देव तुमचा निर्दोषपणा भर दुपारच्या उन्हासारखा उघड करील. कधी, ते मात्र सांगत नाही. इथे मला अमेरिकेच्या यादवी युद्धातले जनरल जी. के. वॉरेन आठवतात.

१८६३ साली गेटिसबर्गला लिटल राउंड टॉप ही टेकडी राखायला कोणीच नाही, हे त्यांच्याच ध्यानात आलं. त्यांनी धावपळ करून सैन्य आणवलं आणि टेकडी वाचली. पण १ एप्रिल १८६५ ला फाइव्ह फोर्क्सची लढाई जिंकली, त्याच संध्याकाळी वरिष्ठ शेरिडन यांनी त्यांना पदावरून काढलं. ठपका ढिलाईचा. आठच दिवसांनी ली शरण आले!

वॉरेन चौकशी मागत राहिले. ग्रँट यांनी ती दिली नाही. १८७९ मध्ये अध्यक्ष हेज यांनी दिली. मधली चौदा वर्षं ते लष्करात इंजिनिअर म्हणून सर्वेक्षणं करत होते, पूल बांधत होते. सातवं वचन धीराने वाट पाहायला सांगतं ना, ती मला अशीच दिसते: अर्जही चालू, कामही चालू.

८ ऑगस्ट १८८२ ला ते वारले. गणवेश नको, लष्करी मानवंदना नको, असं सांगून. बऱ्याच अंशी त्यांच्या बाजूचा निकाल प्रसिद्ध झाला नोव्हेंबरात.

देवाची वेळ चुकत नाही, असं आपण पटकन म्हणतो. त्यांच्या विधवेसमोर मला ते म्हणवलं नसतं.

प्रभो, ज्यांची चौकशी अजून व्हायची आहे, त्यांना आज रात्री झोप लागू दे. आमेन.