तुझं नाव कुठं आहे?

केज

चि. बाळूस अनेक आशीर्वाद.

परवा तुझा चुलतभाऊ मुंबईहून आला. तू हिंदी मालिकेचे भाग लिहितोस, पडद्यावर नाव मात्र दुसऱ्याचंच येतं, आणि पुढच्या कामाचे पैसेही तू आधीच घेऊन बसलायस, असं तो म्हणाला. खरं आहे का?

अरे, उचल म्हणजे काय हे तुला मी सांगावं? दिवाळी झाली की ताई-दाजी मुकादमाची उचल फेडायला ऊसतोडीला, कोयत्यावर जायचे आणि तू माझ्याकडं राहायचास. ती कधी फिटलेली पाहिलीस? आणि आता त्यांचाच लेक अंधेरीत बसून उचल घेतो!

कागद केलास का? कथा, पटकथा, संवाद ही तीन वेगळी कामं आहेत; तुझं जे असेल त्याला तुझं नाव लागलं पाहिजे. स्क्रीनरायटर्स असोसिएशन तिथंच अंधेरीत आहे. सभासद हो, लिहिलेलं नोंदव. 2012 च्या कायद्यानं रॉयल्टीचा हक्क लेखकाकडून निर्मात्याला लिहून घेता येत नाही, हे सही करण्याआधी ध्यानात ठेव.

1973 साली ‘जंजीर’च्या पोस्टरवर सलीम-जावेद यांची नावं नव्हती, तर त्यांनी रंगारी लावून ती घालून घेतली. आपल्याच जिल्ह्यातले अरविंद जगताप बघ. ‘चला हवा येऊ द्या’मध्ये पत्र वाचायचा सागर कारंडे, पण ते कुणी लिहिलं हे बायाबापड्यांनाही ठाऊक होतं. मग तुझं नाव कुठं आहे?

तरुणपणी माझी एक एकांकिका दुसऱ्याच्या नावावर झाली. बक्षीस मिळालं तेव्हा मी मागं उभा राहून टाळ्या वाजवल्या. त्यानंतर हात लिहायला धजलाच नाही. म्हणून एवढं बोललो रे.

रागावू नकोस. भाडं थकलं असेल, म्हणूनच तू पैसे घेतले असशील, हे काय मला कळत नाही? किती घेतलेत ते कळव. पेन्शन आहे माझी, देऊन टाकू आणि मोकळा हो. ताईला मी काही बोललेलो नाही. तुझं लिहिणं मला आवडतं, हे कधी तोंडानं सांगितलं नाही, ते आज लिहितो. हुरड्याला ये. माळवदावरची खोली तुझ्यासाठी झाडून ठेवतो, हवं तितके दिवस लिहीत बस.

तुझा,
मामा