नकाशावरून पुसलेले गाव : लिदित्से आणि क्लाद्नो परिसराचा एक अभ्यास

भूगोल आणि इतिहास हे दोन विषय शाळेच्या वेळापत्रकात वेगवेगळ्या तासांना येतात आणि विद्यार्थीही त्यांच्या वह्या वेगळ्या ठेवतात. एखाद्या लहानशा गावाचा अभ्यास करू लागले की ही विभागणी फार काळ टिकत नाही. जमिनीखाली काय आहे यावरून त्या गावातील माणसे कोणते काम करणार हे ठरते, आणि ती कोणते काम करतात यावरून पुष्कळदा त्यांच्या वाट्याला कोणता इतिहास येणार हेही ठरते. अनेक वर्षे वसतिगृहातील मुलांना नकाशावाचन शिकवताना मी एका गावाचे उदाहरण घेत आलो. ते आपल्या देशातील नाही. मध्य युरोपातील चेक प्रजासत्ताकात ते आहे आणि त्याचे नाव लिदित्से. स्मरणिकेच्या निमित्ताने तो पाठ माजी विद्यार्थ्यांसाठी व पालकांसाठी जरा विस्ताराने मांडीत आहे.

चेक प्रजासत्ताकाची राजधानी प्राग. प्रागपासून वायव्येस सुमारे वीस किलोमीटरवर, क्लाद्नो या औद्योगिक शहराच्या जवळ लिदित्से वसले आहे. आज विमानाने प्रागला उतरणारा प्रवासी शहराकडे न वळता उलट्या दिशेला निघाला, तर थोड्याच वेळात येथे पोहोचेल. क्लाद्नो जिल्ह्याचा विस्तार आपल्याकडील एखाद्या मध्यम तालुक्याएवढा आहे. प्रदेश सपाट पठारी, मधूनमधून ओढ्यांनी कोरलेल्या उथळ दऱ्यांचा. अशाच एका दरीत, ओढ्याच्या दोन्ही काठांच्या उतारांवर जुने लिदित्से होते. पठारावरची माती सुपीक असल्याने गहू, जव आणि साखरेचे बीट ही पिके येथे चांगली येतात. हिवाळ्यात शिवारावर बर्फ साचते आणि उन्हाळ्यात तेच शिवार पिवळेधमक होते.

वस्ती प्राचीन आहे. लिदित्सेच्या उत्तरेस काही किलोमीटरवर बुदेच नावाची टेकडी आहे. दहाव्या शतकाच्या सुमारास तेथे प्शेमिस्ल या चेक राजघराण्याचा कोट होता. टेकडीवरचे गोल आकाराचे दगडी चर्च ही चेक भूमीत आजही उभी असलेली सर्वांत जुनी इमारत मानली जाते. चेक लोकांचा राजपुरुष व संत वाक्लाव बालपणी याच बुदेचला लिहावाचायला शिकला, असे जुन्या आख्यायिका सांगतात. म्हणजे या परिसराची पहिली ठळक आठवण एका शिकणाऱ्या मुलाची आहे. पुढे याच जिल्ह्यातील झ्लोनित्से गावी संगीतकार आंतोनीन द्वोर्झाक याने कुमारवयात संगीताचे धडे घेतले, आणि चेकोस्लोव्हाकियाचे पहिले राष्ट्राध्यक्ष तोमाश मासारिक यांची समाधी याच जिल्ह्यातील लानी गावच्या साध्या दफनभूमीत आहे. लिदित्सेचा पहिला लेखी उल्लेख १३१८ सालचा. त्यानंतरची पाचशे वर्षे हे कुळांचे, कारागिरांचे, सेंट मार्टिनच्या चर्चभोवती वाढलेले एक साधे खेडे होते. या पाच शतकांत त्याची दखल घ्यावी असे जगाला काही वाटले नाही.

बदल घडला तो जमिनीखालच्या कोळशाने. क्लाद्नो येथे १८४६ मध्ये दगडी कोळशाचा साठा सापडला. पाठोपाठ खाणी आल्या, लोखंडाच्या भट्ट्या आल्या, रेल्वे आली. १८८९ मध्ये कार्ल विटगेनश्टाइन या उद्योगपतीने पोलादाचा मोठा कारखाना उभारला आणि त्याला पत्नीच्या नावावरून ‘पोल्दी’ हे नाव दिले. (तत्त्वज्ञ लुडविग विटगेनश्टाइन हा याच दांपत्याचा मुलगा.) आसपासच्या खेड्यांतील पुरुष पहाटे चालत खाणीवर आणि कारखान्यावर जाऊ लागले. लिदित्सेही आता शेतकऱ्यांपेक्षा कामगारांचे गाव बनले. घरामागे भाजीचा वाफा, सशांची खुराडी, दारात फळझाडे आणि पगार मात्र क्लाद्नोच्या भट्टीचा, असे ते जीवन होते. गिरणगावात नोकरी आणि कोकणात घर असलेल्या आपल्या लोकांना त्याची कल्पना सहज येईल. फरक एवढाच, की येथला कामगार रोज रात्री घरी परतत असे. १९४२ साली गावात शंभराच्या आसपास घरे व सुमारे पाचशे माणसे होती. चर्च होते, शाळा होती, ओढ्यावर तळे होते.

१९३८ च्या सप्टेंबरात म्युनिक येथे ब्रिटन, फ्रान्स व इटली यांनी चेकोस्लोव्हाकियाला न विचारता त्याचा सीमाप्रदेश हिटलरच्या हवाली केला. त्याच्या थोडेच आधी पंडित नेहरू प्रागला जाऊन आले होते आणि या राष्ट्राच्या बाजूने त्यांनी लेखणी चालवली होती. १५ मार्च १९३९ रोजी जर्मन सैन्य प्रागमध्ये शिरले. सप्टेंबर १९४१ पासून राइनहार्ड हायड्रिख हा तेथला कारभार पाहू लागला आणि फाशीच्या शिक्षांचे सत्र सुरू झाले. २७ मे १९४२ रोजी ब्रिटनमधून हवाई छत्रीने उतरलेल्या योझेफ गाब्चिक आणि यान कुबिश या दोन सैनिकांनी प्रागच्या रस्त्यावर हायड्रिखवर हल्ला केला. ४ जूनला तो मेला.

या घटनेचा लिदित्सेशी काय संबंध? काहीही नाही. पाठाच्या या टप्प्यावर मुले हटकून अविश्वासाने पाहतात. गावाने काही तरी केलेच असले पाहिजे, असे त्यांना वाटते. घडले ते असे. स्लानी गावच्या एका कारखान्यात एका तरुण कामगार मुलीच्या नावे आलेले पत्र तिच्या मालकाने फोडले. एका विवाहित पुरुषाने तिच्याशी संबंध तोडण्यासाठी लिहिलेल्या त्या पत्रातील मोघम वाक्यांचा संशय घेऊन मालकाने ते पोलिसांकडे दिले. चौकशीत लिदित्सेचे नाव निघाले आणि गावातील दोन कुटुंबांचे मुलगे ब्रिटनमध्ये सैन्यात आहेत, हे कळले. झडतीत हाती काही लागले नाही. तरीही ९ जूनला, ज्या दिवशी बर्लिनमध्ये हायड्रिखची अंत्ययात्रा निघाली त्याच दिवशी, गाव नष्ट करण्याचा हुकूम निघाला. खरा गुन्हेगार सापडत नव्हता आणि बर्लिनला दाखवायला काही तरी हवे होते, एवढेच त्यामागचे कारण.

त्या रात्री गावाला वेढा पडला. बायका-मुलांना आधी गावच्या शाळेत आणि पहाटे ट्रकांतून क्लाद्नोच्या एका शाळेच्या व्यायामशाळेत नेले. पुरुषांना होराक यांच्या शेतवाड्यात कोंडले. १० जूनच्या सकाळी कोठाराच्या भिंतीला घराघरांतून आणलेल्या गाद्या उभ्या केल्या गेल्या. गोळ्या भिंतीवर आपटून उलट येऊ नयेत म्हणून ही तजवीज होती. आधी पाचपाच आणि मग काम लवकर उरकावे म्हणून दहादहा जणांना बाहेर आणून गोळ्या घातल्या. त्या दिवशी १७३ पुरुष मारले गेले. त्यांत त्र्याहत्तर वर्षांचे धर्मगुरू योझेफ श्तेम्बेर्का हेही होते. रात्रपाळीला गेलेले कामगार आणि त्या दोन सैनिकांची कुटुंबे यांना काही दिवसांनी प्रागच्या कोबिलिसी येथे ठार केले. गावचा एक पुरुष आधीच तुरुंगात होता म्हणून वाचला.

क्लाद्नोच्या व्यायामशाळेत बायका तीन दिवस मुलांना घेऊन बसून होत्या. मग मुले काढून घेण्यात आली आणि बायकांची रवानगी रावेन्सब्रुकच्या छळछावणीत झाली. मुलांना पोलंडमधील लोड्झला नेले. चेहरेपट्टी आणि केसांचा रंग पाहून जी थोडी मुले ‘जर्मन बनवण्याजोगी’ ठरली ती वेगळी काढली आणि उरलेल्या ८२ मुलांना हेल्मनो येथे बंद ट्रकात विषारी वायूने मारले. याच हेल्मनोत दीड लाखाहून अधिक ज्यू मारले गेले, हे येथे सांगायलाच हवे. लिदित्सेच्या मुलांसाठी ही यंत्रणा बनवलेली नव्हती. ती आधीपासून चालू होती.

भूगोलाच्या अभ्यासकाने यापुढचा भाग विशेष लक्षपूर्वक वाचावा. घरे जाळून, चर्च सुरुंगाने उडवून जर्मन थांबले नाहीत. मजुरांच्या तुकड्या आणून कित्येक महिने काम चालले. पाये उखडले, तळे बुजवले, झाडे तोडली, रस्ते मोडले, ओढ्याचा प्रवाह वळवला. दफनभूमीतील कबरी उकरून प्रेतांच्या अंगावरचे दागिने व सोन्याचे दात काढून घेतले आणि ती जागाही सपाट केली. नकाशांतून नाव काढले. या सर्वाचे त्यांनी चित्रीकरणही केले, जे पुढे न्यूरेंबर्गच्या खटल्यात त्यांच्याच विरुद्ध पुरावा म्हणून दाखवले गेले. गावठाण म्हणजे घरांचा पुंजका नव्हे. पाणवठा, वाटा, शाळा आणि पूर्वजांची जागा मिळून गाव होते, हे त्या हुकूम देणाऱ्यांना नीट ठाऊक होते. म्हणूनच त्यांनी यांपैकी एकही गोष्ट शिल्लक ठेवली नाही. मोडलेले एक नासपतीचे झाड मात्र पुन्हा फुटले आणि ते आजही दाखवले जाते.

जर्मनांनी हे कृत्य लपवले नाही, रेडिओवरून जाहीर केले. लोकांना धडा बसावा हा हेतू होता, पण परिणाम नेमका उलटा झाला. त्याच वर्षी अमेरिकेच्या इलिनॉय राज्यातील एका वस्तीने लिदित्से हे नाव धारण केले. मेक्सिको, ब्राझील, व्हेनेझुएला, पनामा येथेही वस्त्यांना ते नाव मिळाले आणि नवजात मुलींचीही नावे लिदित्से ठेवली गेली. इंग्लंडमधील स्टोक-ऑन-ट्रेंट या कुंभारकामाच्या व कोळशाच्या शहरात डॉ. बार्नेट स्ट्रॉस यांनी सप्टेंबर १९४२ मध्ये ‘लिदित्से जगेल’ ही चळवळ सुरू केली. खाणकामगारांनी आपल्या मजुरीतून पैसे दिले आणि सुमारे ३२,००० पौंड जमले. ज्यांना ते गाव नकाशावर शोधता आले नसते त्यांनी ही रक्कम उभी केली. कोळशाने त्यांना एकमेकांचे आप्त केले होते, असे मला वाटते. वेल्समधील खाणकामगारांच्या एका खेड्यात तेथल्याच रहिवाशांना घेऊन हम्फ्री जेनिंग्ज याने १९४३ मध्ये या घटनेवर चित्रपट काढला, त्यामागेही हेच नाते होते.

१९४५ मध्ये छावणीतून १४३ स्त्रिया जिवंत परतल्या. आपले पुरुष मेले आहेत आणि गाव उरलेले नाही, हे त्यांना परतल्यावरच कळले. मुलांचा शोध वृत्तपत्रांतून, रेडिओवरून, अनाथालयांच्या दफ्तरांतून घेतला गेला आणि १७ मुले सापडली. त्यांतील काहींना जर्मन घरांत वाढवले गेले होते, त्यांची नावे बदलली होती आणि चेक भाषा ती विसरली होती. आजारी आईच्या उशाशी बसलेल्या मुलीला आईशी बोलण्यासाठी दुभाष्या लागावा, असा प्रसंगही घडला. त्या मुलांपैकी एकीने १९४७ मध्ये न्यूरेंबर्गच्या न्यायालयात साक्ष दिली.

त्याच वर्षीच्या जूनमध्ये नव्या लिदित्सेची पायाभरणी झाली आणि पुढे दीडशे घरे उभी राहिली. नवे गाव जुन्या जागेवर बांधले नाही, शेजारच्या उंचवट्यावर बांधले. जुनी दरी गवताची मोकळी ठेवली आहे आणि तेथे होराकवाड्याचे, चर्चचे व शाळेचे पायेच तेवढे दिसतात. हा निर्णय मला फार शहाणपणाचा वाटतो. दोन जागांच्या मध्ये १९५५ मध्ये डॉ. स्ट्रॉस यांच्याच पुढाकाराने गुलाबबाग झाली, तिच्यासाठी अनेक देशांनी रोपे पाठवली. दरीच्या उतारावर मारिए उखितिलोवा या शिल्पकर्तीने घडवलेला ८२ मुलांचा पुतळासमूह आहे. ४२ मुली, ४० मुलगे, पूर्ण उंचीचे. १९६९ पासून दोन दशके ती हे काम करीत होती. १९८९ मध्ये ती वारली. कांस्याचे ओतकाम तिच्या पतीने पुढे नेले आणि शेवटची शिल्पे २००० साली बसली. भेट देणारे त्यांच्या पायांशी खेळणी ठेवून जातात.

येथे एक कडू गोष्ट नमूद केल्यावाचून हा अभ्यास पुरा होत नाही. याच देशाच्या दक्षिणेस लेती नावाचे खेडे आहे. तेथे १९४२-४३ मध्ये रोमा, म्हणजे आपण ज्यांना जिप्सी म्हणतो त्या लोकांची छावणी होती. पहारेकरी चेक होते. तीनशेहून अधिक माणसे तेथे मेली, त्यांत पुष्कळ बालके होती, आणि शेकडो लोक तेथून आउश्वित्झला पाठवले गेले. या जागेवर १९७० च्या दशकात डुकरांचे मोठे पैदास केंद्र उभे राहिले. रोमा कुटुंबांनी वर्षानुवर्षे केलेल्या मागणीनंतर सरकारने २०१८ मध्ये ते विकत घेतले आणि स्मारक २०२४ मध्ये खुले झाले. लिदित्सेला गुलाब मिळाले त्याला तेव्हा जवळजवळ सत्तर वर्षे होत आली होती. कोणाच्या मृत्यूची आठवण समाजाला लगेच येते आणि कोणाच्या मृत्यूसाठी अर्ज, निवेदने, मोर्चे लागतात, हा प्रश्न एका देशापुरता नाही. या स्मरणिकेच्या वाचकांना तो समजावून सांगण्याची गरज नाही.

क्लाद्नोच्या कोळसाखाणी २००२ मध्ये बंद पडल्या. लिदित्सेत आज पाचशेच्या आसपास माणसे राहतात. १९६७ पासून तेथे मुलांच्या चित्रांचे प्रदर्शन भरते, १९७३ पासून ते आंतरराष्ट्रीय आहे. जगभरातून हजारो चित्रे येतात आणि भारतातील मुलांची चित्रेही तेथे नियमित जातात, बक्षिसेही मिळवतात. आपल्या वसतिगृहातील ज्या मुलांना चित्रकलेची आवड आहे त्यांच्यासाठी सांगतो : दरवर्षी एक विषय जाहीर होतो, आणि चित्राच्या मागे स्वतःचे नाव, वय व शाळेचे नाव स्पष्ट अक्षरांत लिहावे लागते.