पॅकअपनंतरची वही

मराठी सिनेमांच्या प्रॉडक्शनमध्ये व्हाउचर लिहिण्यापासून सुरुवात केली, आता नावापुढे ‘कार्यकारी निर्माता’ लागतं. आई अजूनही विचारते, “म्हणजे तू नक्की करतोस काय?” तिला दाखवावं म्हणून वहीतलं थोडं उतरवतोय.

१. आधी नाश्ता. वाईजवळच्या एका गावात शूटिंग होतं. सहाचा कॉल. मी साठ माणसांचे पोहे सांगितले आणि त्या दिवशीच्या सीनला गावातली पन्नास माणसं आहेत हे साफ विसरलो. पावणेसातलाच डाव पातेल्याच्या तळाला खरवडायला लागला. लाइटमन तोंडाने काही बोलले नाहीत, पण दिवे जागचे हलेनात. साडेआठचा पहिला शॉट साडेदहावर गेला. त्या दोन तासांत जनरेटरने जेवढं डिझेल प्यायलं, तेवढ्यात अख्ख्या गावाला पोहे झाले असते. १९१३च्या ‘राजा हरिश्चंद्र’च्या वेळी दादासाहेब फाळक्यांच्या युनिटचा स्वयंपाक त्यांच्या पत्नी सरस्वतीबाई करायच्या, वर फिल्मला भोकं पाडायच्या, रसायनं कालवायच्या. मला विचाराल तर आमच्या धंद्यातल्या पहिल्या कार्यकारी निर्मात्या त्याच.

२. पटकथेत बैल दिसला की पेन्सिलीने गोल करायचा. जनावर कॅमेऱ्यासमोर आणायचं तर प्राणी कल्याण मंडळाची परवानगी आधी लागते, नाहीतर गाडी सेन्सॉरला अडते. एकदा संध्याकाळच्या उन्हात बैलजोडी घरी परतताना दिसली आणि दिग्दर्शक म्हणाला, “दोनच मिनिटं!” ऊन इतकं देखणं होतं की माझ्याच्याने नाही म्हणवलं नाही. पुढे तो शॉट कापावा लागला. त्याने अजून मला माफ केलेलं नाही. चूक माझीच.

३. सरकारी अनुदान बजेटात धरू नये. सिनेमा पूर्ण होतो, सेन्सॉर होतो, मग समिती बघून दर्जा ठरवते. निर्माते ते पैसे मुहूर्ताचा नारळ फुटायच्या आधीच जमेला धरून मोकळे होतात.

४. मोठ्यांचा चेक थांबला तर चालतो, गर्दीतल्या माणसाची रोजंदारी पॅकअपलाच द्यायची. वाईच्या त्याच शूटिंगला निर्मात्याचे पैसे आले नव्हते. “उद्या देऊ,” असं सांगायला मी निघालोही होतो. पण अंत्ययात्रेचा सीन होता, दिवसभर रडून बायकांचे डोळे खरोखरच सुजले होते. मोटारसायकल काढली, वाईत एटीएमवर जाऊन स्वतःच्या खात्यातले काढून आणले. रांगेत शेवटी एक आजी. व्हाउचरवर अंगठा उठवला, नोटा दोनदा मोजल्या, पदराच्या गाठीला बांधल्या आणि मला विचारलं, “उद्याबी रडायला यायचं का रं?”