चंचल मूल आणि संवेदनांचा मेळ



घंटा झाली की कानांवर हात ठेवणारे, गणवेशाची कॉलर टोचते म्हणून रडणारे, बाकावर पाच मिनिटेही न टिकणारे, वही फाटेपर्यंत पेन्सिल दाबणारे मूल प्रत्येक शाळेत असते. घरी त्याला हट्टी म्हणतात, वर्गात खोडकर म्हणतात आणि मग धपाटे सुरू होतात. यातील काही मुले खरोखरच खोडकर असतात, आणि त्या वयात ते शोभतेही. पण काहींची अडचण वेगळी असते. ती मार देऊन जात नाही, उलट वाढते. म्हणून या अंकात हा विषय घेतला आहे.

ज्ञानेंद्रिये पाचच का?

विद्यार्थी मित्रांनो, डोळे मिटा आणि तर्जनी नाकाच्या शेंड्याला लावा. न पाहता बोट बरोबर कसे पोचले? आपले स्नायू आणि सांधे हातपाय कुठे आहेत याची खबर सतत मेंदूला देत असतात. आता स्वतःभोवती चार गिरक्या घ्या आणि थांबा. तुम्ही थांबलात, पण आतल्या कानातील नळ्यांमधला द्रव क्षणभर फिरतच राहतो, म्हणून वर्ग फिरल्यासारखा वाटतो. तोल सांभाळणारे इंद्रिय तेथे आहे. म्हणजे पाठ केलेल्या पाचांत आणखी दोनांची भर पडली.

फळ्यावरचे वाक्य वहीत उतरवताना पाठ ताठ ठेवायची, पेन्सिलीवर बेताचा दाब द्यायचा, नजर वरखाली न्यायची आणि पंख्याच्या आवाजाकडे लक्ष द्यायचे नाही. ही सगळी जुळणी मेंदू आपल्या नकळत करतो. हिलाच संवेदनांचे एकात्मीकरण म्हणतात. काही मुलांना साधा स्पर्श किंवा आवाजही असह्य होतो. काहींना संवेदना अपुरी पडते, म्हणून ती सारखी उड्या मारतात, धडकतात, वस्तू चावतात. स्वमग्न मुलांमध्ये अशा अडचणी बऱ्याचदा दिसतात, पण इतर मुलांतही असू शकतात.

अमेरिकेतील जीन एअर्स (१९२०–१९८८) यांनी हा विचार मांडला. त्यांचे या विषयावरील पुस्तक १९७२ साली आले. त्यातून सेन्सरी इंटिग्रेशन थेरपी रूढ झाली.

व्यवसायोपचार म्हणजे काय?

ही थेरपी देणाऱ्यांना व्यवसायोपचार तज्ज्ञ म्हणतात. सुरतेत व्यवसाय म्हटले की कापड आणि हिरे आठवतात. येथे अर्थ निराळा आहे. जेवणे, बटण लावणे, खेळणे, लिहिणे हाच मुलाचा व्यवसाय, आणि तो त्याला जमावा यासाठी हा उपचार.

ही विद्या आपल्याकडे रुजवली कमला निंबकर यांनी. त्या जन्माने अमेरिकन, मूळ नाव एलिझाबेथ लंडी. पुढे त्या भारतात आल्या. १९५० साली मुंबईच्या के.ई.एम. रुग्णालयात त्यांनी व्यवसायोपचाराचे शिक्षण सुरू केले. ते आशियातील पहिले मानले जाते. त्या वेळी आपले सुरतही मुंबई राज्यातच होते. फलटणची ‘कमला निंबकर बालभवन’ ही मराठी शाळा त्यांच्याच नावाने चालते.

तज्ज्ञ आधी मुलाला तपासतात आणि पालकांशी बोलतात. खोलीत टांगलेले झोके, गाद्या, शिडी, मोठे चेंडू, धान्याने भरलेले टोपले असे साहित्य असते. पाहणाऱ्याला वाटते, मूल नुसते खेळते आहे. पण प्रत्येक खेळ त्या मुलाला जेमतेम जमेल इतकाच अवघड ठेवलेला असतो. जमले की पायरी वाढते.

पालकांनो, सावध राहा

हा रामबाण उपाय नाही. अमेरिकेतील बालरोगतज्ज्ञांच्या संघटनेने २०१२ मध्ये सांगितले की एकूण उपचारांचा एक भाग म्हणून ही थेरपी घेता येईल, पण तिचा पुरावा मर्यादित आहे. ब्रिटनमध्ये १३८ स्वमग्न मुलांवर झालेला अभ्यास २०२२ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यात नेहमीच्या मदतीपेक्षा मुलांच्या वागण्यात ठळक फरक आढळला नाही. ठरवलेल्या छोट्या उद्दिष्टांत मात्र पालकांना सुधारणा जाणवली.

म्हणून ‘मूल पूर्ण बरे करून देऊ’ म्हणत वर्षभराचे पैसे आगाऊ मागणाऱ्यांपासून दूर राहावे. आधी बालरोगतज्ज्ञांकडून कान, डोळे आणि वाढ तपासून घ्यावी. मग तज्ज्ञांबरोबर दोन-तीन उद्दिष्टे ठरवावीत. उदाहरणार्थ, स्वतः मोजे घालणे किंवा दहा मिनिटे जेवायला बसणे. काही महिन्यांनी फरक पडला का ते पाहावे. नसेल तर तसे स्पष्ट विचारावे.

घरी कणीक मळणे, बाजाराची पिशवी उचलणे, लंगडी, दोरीउड्या, झोपाळा यांचा अनेक मुलांना उपयोग होतो. पण झोक्याला घाबरणाऱ्या मुलाला बळजबरीने बसवू नये. गणपती-नवरात्रात लाऊडस्पीकरजवळ रडणाऱ्या मुलाला बाजूला न्यावे, रागावू नये.

विश्वस्तांना विनंती

आपले बरेच पालक हजिरा पट्ट्यातील कारखान्यांत पाळीने काम करतात. थेरपीसाठी शहरात जायचे म्हणजे एका दिवसाची मजुरी बुडते, आणि मग दोन-तीन वेळानंतर जाणे बंद पडते. तेव्हा व्यवसायोपचार तज्ज्ञ ठरावीक दिवशी शाळेतच यावेत, अशी व्यवस्था व्हावी. एक शांत कोपरा, जाड सतरंजी आणि मंद आवाजाची घंटा यांना फार खर्च येणार नाही. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्याने मान्य केलेल्या २१ प्रकारांत स्वमग्नता आणि अध्ययन अक्षमता आहेत. अशा मुलांना सर्वांबरोबर शिकण्याचा हक्क आहे. त्यांची सोय करणे हे शाळेचे कर्तव्य आहे, उपकार नव्हे.

आणि विद्यार्थी मित्रांनो, शेजारचा मुलगा घंटेला कान झाकत असेल तर हसू नका. तुम्हाला जो आवाज साधा वाटतो, तो त्याला कानाशी वाजणाऱ्या फटाक्यासारखा वाटत असेल. त्याला थोडी जागा द्या, आणि खेळताना हाक मारायला विसरू नका.