शेऱ्यातला शब्द फॉर्म्युल्याने शोधायचा कसा? (आणि ‘उचल’ शब्दाने मला कसं तोंडघशी पाडलं)



दसरा जवळ आला की धारूरच्या बाजारात आपल्या दुकानदारांची एकच घाई असते. ऊसतोडीच्या टोळ्या कारखान्याकडे निघायच्या आत उधारी गोळा करायची. मुकादमाकडून उचल मिळाली की गिऱ्हाईक मागचं देणं फेडतं. टोळी एकदा गेली, की मग भेट थेट सीझन संपल्यावर.

त्यामुळे आपण शेऱ्यात लिहून ठेवतो, “उचल आल्यावर देणार”. आता शीटमध्ये पाचशे ओळी असतील तर हे शेरे शोधायचे कसे? कंट्रोल एफ दाबून शब्द सापडतो, पण त्यातून वसुलीची यादीही तयार होत नाही आणि बेरीजही होत नाही. त्यासाठी फॉर्म्युला हवा.

आपल्या शीटमध्ये ए कॉलममध्ये नाव, बी मध्ये गाव, सी मध्ये शेरा आणि डी मध्ये बाकी आहे असं धरू. खाली फॉर्म्युले उच्चाराप्रमाणे लिहिलेत. तुम्ही फंक्शनची आणि सेलची नावं, तसंच आकडे इंग्रजीत टाईप करा. शोधायचा शब्द मात्र शेऱ्यात जसा मराठीत आहे तसाच.

पायरी १ : शब्द आहे का ते बघा

=सर्च("उचल",सी२)

“उचल आल्यावर देणार” असा शेरा असेल तर उत्तर १ येतं, कारण शब्द पहिल्याच अक्षरापासून सुरू होतो. शब्द नसेल तर व्हॅल्यूची एरर येते. घाबरू नका, तिचा अर्थ एवढाच की शब्द सापडला नाही.

फाइंड नावाचं फंक्शनही आहे. ते इंग्रजीतलं लहान-मोठं अक्षर वेगळं धरतं, सर्च धरत नाही. मराठीत तसा भेदच नाही, म्हणून आपण सर्चच वापरू.

पायरी २ : एरर घालवा, खूण लावा

=इफ(इजनंबर(सर्च("उचल",सी२)),"फोन","")

सर्चकडून आकडा आला तर इजनंबर ‘हो’ म्हणतं आणि सेलमध्ये “फोन” लिहून येतं. नाहीतर सेल रिकामा. फॉर्म्युला खाली ओढा, “फोन”वर फिल्टर लावा, झाली यादी तयार.

इथेच मी फसलो. पहिल्या वर्षी ही यादी काढून मी दुकानातल्या पोराच्या हातात दिली. संध्याकाळी एक जुने गिऱ्हाईक दुकानात आले. काही न बोलता त्यांनी पावती काउंटरवर ठेवली. पैसे रोख दिलेले होते. मी त्यांचा शेरा उघडून बघितला, “माल उचलला, रोख दिले”. “उचलला” या शब्दात “उचल” आहेच की! फॉर्म्युल्याने उत्तर दिलं होतं ५. (माल या शब्दातला काना तो वेगळा मोजतो, म्हणून ४ नाही, ५.) त्याचं काही चुकलं नव्हतं. तो अक्षरं जुळवतो, अर्थ त्याला कळत नाही. पण चारचौघांत ज्याचं काही देणं नाही त्याला पैसे मागितले, ही चूक माझीच. मी माफी मागितली आणि त्याच रात्री फॉर्म्युला बदलला.

पायरी ३ : बाकीची अट जोडा

=इफ(अँड(इजनंबर(सर्च("उचल",सी२)),डी२>०),"फोन","")

आता बाकी शून्य असलेल्या माणसाला फोन जाणार नाही. आणि या वायद्यावर एकूण किती रक्कम अडकली आहे ते बघायचं असेल तर :

=समइफ्स(डी२:डी५००,सी२:सी५००,"*उचल*",डी२:डी५००,">०")

उचलच्या दोन्ही बाजूंच्या चांदण्यांचा अर्थ, मागेपुढे काहीही असलं तरी चालेल.

पण “माल उचलला, निम्मे बाकी” असा शेरा अजूनही यादीत घुसणारच. मग शब्दाच्या दोन्ही बाजूंना स्पेस देऊन शोधलं तर? “उचलला” वगळला जाईल, पण “उचलीनंतर देणार” हाही सुटेल. मराठीत शब्द प्रत्यय लागून बदलतो, त्यामुळे ही युक्ती अर्धीच चालते.

पायरी ४ : पुढच्यासाठी वेगळा कॉलम

ई कॉलमला “वायदा” नाव द्या. डेटा मेनूत डेटा व्हॅलिडेशनमध्ये जाऊन लिस्ट निवडा आणि चारच पर्याय ठेवा : उचल, कापूस, पगार, इतर. आता शोधायचं कामच उरलं नाही :

=इफ(अँड(ई२="उचल",डी२>०),"फोन","")

थोडक्यात, सर्च जुन्या खात्यासाठी आणि यादीचा कॉलम नव्या खात्यासाठी. जुन्या ओळी सर्चने शोधा, एकदा डोळ्याखालून घाला आणि वायदा भरून टाका.

जाता जाता गावाच्या कॉलमबद्दल. “धारूर” शोधलं तर “किल्लेधारूर” सापडतं, पण कुणी ऱ्हस्व रु काढून “धारुर” लिहिलं असेल तर ते सुटतं. फाइंड अँड रिप्लेसने आधी सगळीकडे एकच स्पेलिंग करा. नाव आणि गाव एकाच सेलमध्ये लिहू नका, नाहीतर लातूरला राहणारे धारूरकरही धारूरच्या यादीत येतील.

आजचा गृहपाठ : तुमच्या शीटमध्ये “तेल” शोधा. तेलाची उधारी किती निघते आणि तेलगावची गिऱ्हाईकं किती निघतात ते मोजा. आणि कुठलीही यादी काढली, की पहिला फोन लावायच्या आधी ती स्वतः एकदा वाचा. त्याला पाच मिनिटं लागतात. तुटलेलं गिऱ्हाईक परत जोडायला वर्ष जातं.